खारकेचा मूळ देश

२०२५ सालच्या पावसाळ्यातली गोष्ट. पुतणी बाळंत झाली होती. घरात डिंकाचे लाडू करायचं ठरलं आणि खारीक आणायला मला पिटाळण्यात आलं. आमचा वाणी जुना, माझ्या वडिलांच्या वेळेपासूनचा. त्यानं सांगितलेला भाव ऐकून मी म्हटलं, "शेठ, खारीक मागतोय, बदाम नव्हे." तो हसला आणि म्हणाला, "भाई, पूर्वी हा माल सरळ यायचा. मग दुबईवरून यायला लागला. आता तोही रस्ता बंद झाला. भाव काय मी ठरवतो?"

त्याच्या या एवढ्याशा बोलण्यात गेल्या काही वर्षांचा परराष्ट्र व्यवहार सामावला होता. आपल्याकडे येणारी खारीक वर्षानुवर्षं बहुतेक सगळी पाकिस्तानातली, त्यातही सिंधमधल्या खैरपूर भागातली. फेब्रुवारी २०१९ मध्ये पुलवामाच्या हल्ल्यानंतर भारतानं पाकिस्तानी मालावर २०० टक्के आयात शुल्क लावलं. तेव्हा खारकेनं वाट बदलली. पुढे एप्रिल २०२५ मध्ये पहलगामचं हत्याकांड झालं आणि २ मे रोजी भारतानं पाकिस्तानातून थेट किंवा आडवाटेनं येणाऱ्या सगळ्याच मालावर बंदी घातली. जूनमध्ये आपल्या न्हावाशेवा बंदरात महसूल गुप्तचर संचालनालयानं ३९ कंटेनर पकडले. १,११५ टन माल, किंमत सुमारे ९ कोटी रुपये, आणि त्यात खारीक. माल पाकिस्तानचा, पण दुबईमार्गे आलेला आणि कागदोपत्री अमिरातीचा म्हणून दाखवलेला, असं अधिकाऱ्यांनी सांगितलं.

'मूळ देश' हे दोन शब्द माझ्या चांगल्या ओळखीचे आहेत. बी. ए. झाल्यावर मी काही वर्षं मुंबई बंदराजवळ एका क्लिअरिंग एजंटच्या कचेरीत कारकुनी केली. आयात मालाचे कागद भरायचे, कस्टममध्ये न्यायचे, शिक्के घेऊन परत यायचं. त्या कागदांत माल कुठल्या बंदरातून चढला हे एका जागी लिहायचं असतं आणि मालाचा मूळ देश दुसऱ्या जागी. जहाज कुठूनही सुटो, माल पिकला कुठे, बनला कुठे, हे वेगळं सांगावं लागतं. कविता करणाऱ्या माणसाला हा रकाना आवडून गेला तर नवल नाही. दोन वैरी देशांमधला व्यापार आणि राजनीती हा आजचा विषय मी त्याच रकान्यातून बघणार आहे.

त्याआधी एक सांगून टाकतो. माझ्या नावाचा माणूस या विषयावर बोलू लागला, की काही जणांच्या मनात असाच एक रकाना आपोआप उघडतो. त्याची तक्रार करत नाही, उत्तर देतो. पहलगामला २६ माणसं मारली गेली. त्यांत सहा महाराष्ट्रातली होती. ती माझी माणसं होती. तिथला एक मुसलमान घोडेवालाही मारला गेला, तोही माझाच. मारणाऱ्यांशी माझं कसलंही नातं नाही. व्यापाराबद्दल मी जे बोलणार आहे, ते हे सगळं लक्षात ठेवून बोलणार आहे.

आमच्या शेजारी एक काकू राहायच्या. त्यांच्या एकादशीला साधं मीठ चालत नसे, सैंधव लागे. माझ्या आईला शिरखुर्म्यात खारीक लागे. एकदा आईला सैंधव मिळेना म्हणून काकूंनी दिलं आणि काकूंच्या सुनेच्या बाळंतपणात आईनं खारीक पाठवली. तेव्हा कुणाच्या लक्षातही आलं नसेल, की सैंधव झेलम जिल्ह्यातल्या खेवड्याच्या खाणीतलं आणि खारीक खैरपूरची. एकीचा उपास आणि दुसरीची ईद, दोन्हींचा माल सीमेपलीकडचा. सैंधव म्हणजे सिंधूकडचं. मूळ देश त्या शब्दातच लिहिलेला आहे, वेगळा रकाना भरायची गरज नाही.

आणि हा 'पलीकडचा' मुलूख आपल्याला एवढा परका होता का? १ एप्रिल १९३६ पर्यंत सिंध हा मुंबई इलाख्याचा भाग होता. सिंधू नदीवरचं सक्करचं प्रचंड धरण १९३२ साली सुरू झालं, ते मुंबई सरकारनं बांधलेलं. त्याला नावही मुंबईचे गव्हर्नर लॉईड यांचं दिलं होतं. त्या पाण्यावर सिंधमध्ये कापूस वाढला आणि सिंध-पंजाबचा कापूस मुंबई-अहमदाबादच्या गिरण्यांत येऊ लागला. कराचीतली एक जुनी, नावाजलेली शाळा आजही नारायण जगन्नाथ वैद्य या मराठी शिक्षणाधिकाऱ्याच्या नावानं ओळखली जाते. कोकणातल्या आमच्यासारख्या अनेक घरांतली माणसं पोटासाठी कराचीला जात. मुंबईला जावं तसं जात.

१९४७ च्या फाळणीनं जमीन कापली, तशी धंद्याची साखळीही कापली. कापसाची शेतं तिकडे आणि बहुतेक गिरण्या इकडे. बंगालमध्ये तर याहून विचित्र. तागाचं मोठं पीक पूर्व बंगालात, म्हणजे पाकिस्तानात, आणि तागाच्या गिरण्या सगळ्या हुगळीच्या काठी, भारतात. तरीही पहिली दोन वर्षं माल जात-येत राहिला. काश्मीरमध्ये लढाई चालू असतानाही राहिला. १९४८-४९ मध्ये पाकिस्तानच्या निर्यातीपैकी निम्म्याहून जास्त माल भारतातच येत होता.

मग सप्टेंबर १९४९ उजाडला. ब्रिटननं पौंडाचं अवमूल्यन केलं, पाठोपाठ भारतानं रुपयाचं केलं. पाकिस्तानानं केलं नाही. आतापर्यंत दोन्ही रुपये सारखे होते. आता पाकिस्तानचे १०० रुपये म्हणजे भारताचे १४४ रुपये झाले. भारत म्हणाला, हा दर आम्हाला मान्य नाही. पाकिस्तान म्हणाला, आमच्या रुपयाची किंमत आम्ही ठरवू. व्यापार ठप्प झाला. भारताचा कोळसा जायचा थांबला, पाकिस्तानचा ताग यायचा थांबला. हुगळीच्या गिरण्या कच्च्या मालावाचून अडल्या आणि पूर्व बंगालच्या शेतकऱ्याचं पीक घरात पडून राहिलं.

हा बहिष्कार गोळीबारातून झाला नव्हता. एका हिशेबावरून झाला होता आणि त्या हिशेबात दोन्हीकडचा मान अडकला होता. जून १९५० मध्ये कोरियात युद्ध पेटलं, जगभर ताग-कापसाचे भाव चढले आणि पाकिस्तानला दुसरी गिऱ्हाइकं मिळाली. शेवटी फेब्रुवारी १९५१ च्या करारात भारतानं त्यांचा दर मान्य केला. पण तोवर दोन्ही घरांनी वेगळी चूल मांडायचं ठरवलं होतं. पाकिस्तानानं नारायणगंजला आदमजींची प्रचंड ताग गिरणी उभी केली. भारतानं बंगाल, बिहार, आसामात तागाची लागवड वाढवली. जे शेजाऱ्याकडून स्वस्तात मिळत होतं, ते दोघांनीही पदरमोड करून घरात पिकवलं. स्वावलंबन म्हणून त्याचं कौतुक करता येईल आणि ते खोटंही नाही. पण त्या दीड वर्षात आणखी एक गोष्ट घडली. पलीकडच्याशी भांडण झालं, की आधी त्याचा माल थांबवायचा, ही सवय दोन्ही सरकारांना लागली.

पुढचा इतिहास या सवयीचाच आहे. १९६५ च्या युद्धात व्यापार थांबला तो नऊ वर्षं थांबला. जानेवारी १९६६ मध्ये ताश्कंदचा करार झाला, त्यानंही तो सुरू झाला नाही. १९७१ चं युद्ध झालं, जुलै १९७२ मध्ये सिमला करार झाला आणि त्यानंतर कुठे १९७४ च्या अखेरीस व्यापाराच्या करारावर सह्या झाल्या.

१९९६ साली भारतानं पाकिस्तानला जागतिक व्यापार संघटनेच्या नियमांप्रमाणे एक दर्जा दिला. त्याचं आपल्या वर्तमानपत्रांतलं नाव 'सर्वाधिक पसंतीचा देश'. शब्दांच्या धंद्यातला माणूस म्हणून सांगतो, या नावानं फार घोटाळा केला. त्याचा खरा अर्थ एवढाच, की इतर देशांच्या मालाला जे शुल्क लावता तेच याच्या मालाला लावा, जास्त लावू नका. म्हणजे बरोबरीची वागणूक. पण नाव ऐकून इकडचा माणूस विचारतो, हा आमचा सर्वांत आवडता देश कधी झाला? तिकडे उर्दूत त्याचं 'पसंदीदा तरीन मुल्क' झालं आणि तिथल्या सरकारला ते तोंडातून काढणंच अवघड झालं. नोव्हेंबर २०११ मध्ये पाकिस्तानच्या मंत्रिमंडळानं तत्त्वतः होकार दिला. मार्च २०१२ मध्ये 'एवढ्याच वस्तू आणता येतील' या यादीऐवजी 'या १,२०९ वस्तू आणता येणार नाहीत' अशी यादी केली. त्या मानानं ही मोठी मजल होती. २०१४ मध्ये तर नावच बदलायचं ठरत होतं, 'पसंती' काढून 'भेदभाव न करता बाजारपेठ' असं काहीसं. तेही अखेर झालं नाही. भारतानं दिलेला दर्जा फेब्रुवारी २०१९ मध्ये काढून घेतला गेला. ऑगस्टमध्ये भारतानं काश्मीरबाबतचं कलम ३७० निष्प्रभ केलं, त्यावर पाकिस्तानानं उरलासुरला व्यापारही बंद केला आणि काही आठवड्यांतच औषधं त्यातून वगळली. औषधांवाचून अडतं, हे कळायला कुठल्या परिषदेची गरज लागली नाही.

अटारीच्या सीमेवरचं एक दृश्य ज्यांनी पाहिलं असेल त्यांना ते विसरता येणार नाही. ऑक्टोबर २००७ पर्यंत इकडचा ट्रक तिकडे जात नसे. हमाल डोक्यावर गोणी घेऊन सीमारेषेपर्यंत जात आणि पलीकडचा हमाल ती आपल्या डोक्यावर घेई. डोक्यावरून डोक्यावर. दोन अणुशस्त्रधारी देशांमधला व्यापार माणसांच्या मानेवर चालला होता. नंतर ट्रक जाऊ लागले, एप्रिल २०१२ मध्ये अटारीला मोठं तपासणी नाकं झालं, गोदामं झाली. २०१९ मध्ये ते ओस पडलं आणि हजाराहून अधिक हमालांची रोजी गेली. त्यांच्यापैकी कुणी पुलवामाचा कट केला नव्हता.

काश्मीरमध्ये नियंत्रण रेषेवर याहून नाजूक प्रयोग झाला. ऑक्टोबर २००८ मध्ये उरी-मुझफ्फराबाद आणि पूंछ-रावळकोट या दोन वाटांनी २१ प्रकारच्या वस्तूंची देवघेव सुरू झाली. पैसा नाही, बँक नाही, शुल्क नाही, मालाच्या बदल्यात माल. आपण लहानपणी धान्य घालून बोरं घ्यायचो, तसं. महिन्याभरात मुंबईवर २६ नोव्हेंबरचा हल्ला झाला, १६६ माणसं गेली, तरी ही देवघेव टिकली. दहा वर्षं रडतखडत चालली. एप्रिल २०१९ मध्ये या वाटांनी शस्त्रं, अमली पदार्थ आणि बनावट नोटा येतात, असं कारण देऊन भारत सरकारनं ती थांबवली. सरकारची शंका निराधार म्हणण्याइतका मी भाबडा नाही. बंदरात कारकुनी केली आहे. खोक्यावर एक लिहिलेलं आणि आत दुसरंच, हे मी पाहिलेलं आहे.

आपल्या नाशिकच्या कांद्याचीही यात एक गोष्ट आहे. २०१० च्या अखेरीस अवकाळी पावसानं कांदा सडला, भाव भडकले. तेव्हा अटारीवरून पाकिस्तानी कांद्याचे ट्रक आले. जानेवारी २०११ मध्ये तिकडेही भाव चढू लागले, तशी पाकिस्तानानं खुष्कीच्या मार्गानं कांदा पाठवणं बंद केलं. त्यावर चिडून अमृतसरच्या व्यापाऱ्यांनी इकडून जाणारा टोमॅटो-भाजीपाला रोखला. इथे ना अतिरेकी होते ना काश्मीर. फक्त कांदा होता. पण सवय तीच, आधी माल थांबवायचा.

आता कुणी विचारेल, आणि विचारायलाच हवं, की व्यापारानं युद्ध टळतं का? माझं उत्तर आहे, नाही. फेब्रुवारी १९९९ मध्ये वाजपेयी बसनं लाहोरला गेले आणि काही महिन्यांत कारगिल झालं. मुंबईवर हल्ला झाला त्या दिवशी पाकिस्तानचे परराष्ट्रमंत्री बोलणी करायला दिल्लीत होते. चीनचं उदाहरण तर समोरच आहे. जून २०२० मध्ये गलवानला आपले २० जवान गेले आणि २०२१ मध्ये भारत-चीन व्यापार १२५ अब्ज डॉलरवर गेला. बाजार भरलेला असतानाही सीमेवर रक्त सांडतं. व्यापार म्हणजे मैत्री, असं शाळेतल्या निबंधात ठीक आहे.

पण चीनचंच उदाहरण उलटं करून बघा. एवढं होऊनही कुणी संपूर्ण व्यापार बंद केला नाही, कारण तो बंद करणं परवडणारं नव्हतं. त्यात इतक्या लोकांचं पोट अडकलं होतं, की भांडतानाही बोलावं लागलं. भारत-पाकिस्तानमध्ये असं कधी होऊच दिलं गेलं नाही. २०१८-१९ मध्ये आपला दोघांचा व्यापार होता जेमतेम अडीच अब्ज डॉलर. तो ३७ अब्ज डॉलरपर्यंत जाऊ शकतो, असा अंदाज जागतिक बँकेच्या २०१८ च्या अहवालात होता. व्यापार इतका लहान, म्हणून तो बंद करणं सोपं. आणि तो सारखा बंद होतो, म्हणून कुणी त्यात पैसा घालून तो वाढवत नाही. हमाल आणि छोटे व्यापारी सोडले, तर त्याच्या बंद होण्यानं ज्याचं खरोखर नुकसान होईल असा वजनदार माणूस दोन्ही राजधान्यांत नाही.

याच दोन देशांमध्ये काही गोष्टी मात्र टिकल्या. १९६० साली सिंधू जलवाटपाचा करार झाला. रावी, बियास, सतलज भारताकडे. सिंधू, झेलम, चिनाब पाकिस्तानकडे. पलीकडे नवे कालवे बांधण्यासाठी भारतानं सुमारे ६ कोटी २० लाख पौंड दहा वार्षिक हप्त्यांत द्यायचे होते. मध्ये १९६५ चं युद्ध झालं, तरी हप्ते थांबले नाहीत. एप्रिल २०२५ मध्ये भारतानं हा करार स्थगित केला. तोवर त्यानं ६४ वर्षं आणि अनेक लढाया पाहिल्या होत्या. दुसरी गोष्ट. दोन्ही देश दर १ जानेवारीला आपापल्या अणुकेंद्रांची यादी एकमेकांना देतात, ज्यांच्यावर हल्ला करायचा नाही त्यांची. १९९२ पासून हे चालत आलं आहे. तिसरी गोष्ट. २००८ च्या करारानुसार १ जानेवारी आणि १ जुलैला एकमेकांच्या कैद्यांची आणि मच्छीमारांची यादी दिली जाते. या यादीचं महत्त्व आपल्या पालघर जिल्ह्यात विचारा. तिथली माणसं गुजरातच्या बोटींवर खलाशी म्हणून जातात, समुद्रात न दिसणारी रेषा ओलांडली जाते आणि कराचीच्या तुरुंगात वर्षं काढावी लागतात. घरच्यांना तो माणूस जिवंत आहे, हे सांगणारा सरकारी कागद तोच.

मे २०२५ मध्ये चार दिवस दोन्हीकडून क्षेपणास्त्रं आणि ड्रोन उडाले. १० मे रोजी ते थांबलं, ते दोन्हीकडच्या लष्करी कारवाई महासंचालकांच्या फोनवरच्या बोलण्यातून थांबलं, असं भारत सरकारनं सांगितलं. आणि त्याच वर्षी १ जुलै आली, तेव्हा ठरल्याप्रमाणे कैद्यांच्या याद्याही दिल्या-घेतल्या गेल्या. अटारी बंद, विमानांना आकाश बंद, टपाल बंद, पण यादी गेली. का गेली? प्रेम होतं म्हणून नक्कीच नाही. तारीख ठरलेली होती, कागद कुणी कुणाला द्यायचा हे ठरलेलं होतं, आणि एकानं दिला नाही तर दुसऱ्याकडच्या आपल्या माणसांची खबर मिळणार नाही, हे दोघांनाही माहीत होतं.

मला जे सांगायचं आहे ते इतकंच आहे. वैऱ्याशी केलेला व्यवहार टिकतो, तो त्याला तारीख असते आणि दोन्ही बाजूंची गरज त्यात गुंतलेली असते म्हणून. आपल्या व्यापाराला असं काही कधी मिळालं नाही. कधी त्याचं बक्षीस केलं, कधी शिक्षा केली. बोलणी चांगली चालली की यादी वाढवायची, बिनसलं की नाकं बंद करायचं. दार बंद करण्याचा सरकारला अधिकार आहे. माणसं मारली गेल्यावर काहीतरी करणं भाग असतं, हेही मी समजतो. पण बंद करताना ते कोणत्या अटीवर उघडेल, कधी आढावा घेतला जाईल, हे त्याच कागदावर लिहिलेलं असावं. किती शुल्क, कोणता माल, कोणती तपासणी, हे तज्ज्ञांनी ठरवावं. सगळं बंद करायचं असेल तर निदान औषधं, मच्छीमार आणि आजारी माणसं यांचं खातं वेगळं ठेवावं. नाहीतर बंदी एका दिवसात येते आणि उठवायला नऊ वर्षं लागतात, हे आपण एकदा पाहिलेलं आहे.

आणि बंद केलेला माल थांबतो थोडाच? तो दुबईला जातो. तिथे कागद बदलतो. मधल्या माणसाचं पोट भरतं आणि डिंकाचे लाडू महाग होतात.

दुबईचं नाव निघालं म्हणून घरातली एक गोष्ट सांगून थांबतो. माझ्या वडिलांची थोरली बहीण, आमची फुफी, फाळणीच्या आधी लग्न होऊन कराचीला गेली. बाणकोटच्या खाडीवरून मुंबईला आणि मुंबईहून बोटीनं कराचीला. तेव्हा ते परदेशी जाणं नव्हतं. १९६४ साली ती एकदा माहेरी येऊन गेली. पुढच्या वर्षी युद्ध झालं. मग कधी व्हिसा नाही, कधी पैसे नाहीत, कधी दोन्ही आहेत तर सीमेवर तणाव. पत्रं येत, तीही चार-चार महिन्यांनी.

१९९७ साली माझा भाऊ दुबईला नोकरीला होता. त्यानं वडिलांना तिथे बोलावलं आणि फुफीचा मुलगा तिला घेऊन आला. तेहतीस वर्षांनी बहीण-भाऊ भेटले, ते तिसऱ्याच देशात, भावाच्या एका खोलीच्या घरात. वडिलांनी तिच्यासाठी कोकणातली आमसुलं आणि सोडे नेले होते. तिनं पदराच्या गाठोड्यासारखी बांधून खैरपूरची खारीक आणली होती. भाऊ सांगतो, पहिला अर्धा तास दोघं काही बोललेच नाहीत. मग फुफीनं सोड्यांचा वास घेतला आणि बाणकोटी बोलीत विचारलं, "रे, खाडीला अजून तशीच भरती येते का?"

ती पुन्हा भेटली नाही. २००३ साली गेली. बातमीसुद्धा दुबईवरूनच आली.

त्या खारकेतली मूठभर वडिलांनी परत येताना आणली होती. कस्टममधल्या साहेबानं पिशवी उघडून विचारलं, "ही कुठली?" माझे वडील खोटं बोलत नसत. पण त्या दिवशी क्षणभर थांबले आणि म्हणाले, "बहिणीकडची."

मी इतकी वर्षं ते कागद भरले. मूळ देशाच्या रकान्यात हे उत्तर लिहायला जागा नसते, हे मला ठाऊक आहे. तरी वाण्याकडून घरी येताना, हातात ती महाग खारीक घेऊन, मला तेच उत्तर आठवत होतं.

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)